टॉलिव्हरकाकांची पट्टी

आमच्या पुण्याच्या घरातला फ्रिज पेटीवरच्या पांढरी पाच पट्टीत गातो, किंचित चढा. हे वाक्य मी बायकोसमोर म्हणू शकत नाही. आरतीला मी तोंड उघडलं की ती माझ्या हातात टाळ देते, आणि टाळही चुकायला लागला की तबक देते. कॉलेजच्या गणपतीत समूहगीताच्या तिसऱ्या तालमीला मला "तू पडदा ओढ" असं सांगण्यात आलं, आणि पडदासुद्धा मी गाणं संपायच्या आधी ओढला. अशा माणसानं फ्रिजची पट्टी सांगावी म्हणजे जरा अतीच झालं. पण ती मला ज्यांनी शिकवली त्या टॉलिव्हरकाकांनी मला आयुष्यात एकदाही गायला सांगितलं नाही. बहुधा त्यामुळेच मी शिकलो.

मी व्हर्जिनियाच्या किनाऱ्यावर, नॉरफोकला, इलेक्ट्रिकलचं एमएस करायला गेलो ते २००१ च्या ऑगस्टमध्ये. गाव असं की कुठल्याही रस्त्यानं निघालं तरी शेवटी पाणीच लागायचं. हवा दमट, सकाळी धुक्यात खाडीपलीकडच्या गोदीच्या क्रेन उभ्याच्या उभ्या विरघळून जायच्या आणि दहा वाजता परत यायच्या. आमच्या लॅबच्या तळमजल्यावर सामानाचं स्टोअर होतं. जाळीची खिडकी, पुढे रजिस्टर, आत एझ्रा टॉलिव्हर. सत्तरी ओलांडलेली, वर्ण गडद काळा, कडक इस्त्रीचा शर्ट, टायला पिन, आणि पायात तपकिरी बूट, असे चमकवलेले की सोल्डरिंगची तार खाली पडली तर त्यात दिसावी. उमेदीची सगळी वर्षं गोदीत इलेक्ट्रिशियन म्हणून घालवली होती. निवृत्तीनंतर इथे का आलात, असं विचारलं तर म्हणायचे, घरातलं घड्याळ फार मोठ्यानं वाजतं.

पहिल्याच आठवड्यात मी एक ॲम्प्लिफायर बांधला. त्यातून गाण्याऐवजी नुसती घूं येत होती. तो घेऊन खिडकीपाशी गेलो, तर त्यांनी रजिस्टरमधून मान वर न करता सांगितलं, "तुझं अर्थिंग सुटलंय."

मी विचारलं, न बघता कसं कळलं?

"गातंय ना," ते म्हणाले, आणि तोंड मिटून, छातीच्या पार तळातून तोच सूर काढला. माझा ॲम्प्लिफायर आणि तो माणूस क्षणभर वेगळे करता येईनात.

मग त्यांनी मला समजावलं ते असं. अमेरिकेतली वीज सेकंदाला साठ हेलकावे खाते. म्हणून इथला प्रत्येक फ्रिज, प्रत्येक ट्रान्सफॉर्मर, दुकानावरची प्रत्येक जुनी ट्यूब एकाच सुरात गाते. न्यूयॉर्कपासून टेक्सासपर्यंत कुठेही जा, हा सूर भिंतीत असतोच. आपल्या पेटीच्या भाषेत सांगायचं तर काळी पाच आणि पांढरी सात यांच्या बरोबर मधोमध. हा सूर त्यांनी विशीत गोदीच्या सबस्टेशनमध्ये ऐकला आणि डोक्यात ठेवून दिला. मी म्हटलं, आमच्याकडे पन्नास हेलकावे. त्यांनी डोळे मिटले, मनात काहीतरी खाली उतरवलं, आणि हळूच एक खालचा सूर काढला.

"तीन पायऱ्या खाली," ते म्हणाले. "तुमचा देश खाली गातो. म्हाताऱ्यांना बरं."

मी त्यांना सांगितलं की आमच्याकडे वडीलधाऱ्या माणसाला नावानं हाक मारत नाहीत, काका म्हणतात. त्यांनी तो शब्द दोन-तीनदा खर्जात घोळवून पाहिला आणि त्यांना तो आवडला. पुढच्या सेमिस्टरला हैदराबादचा एक नवा मुलगा खिडकीपाशी आला, तेव्हा त्यांनी स्वतःची ओळख "काका" अशीच करून दिली. तो बिचारा दोन वर्षं ते आडनाव समजत होता.

त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं. मी आणि माझा रूममेट मेश्राम, आम्ही रस्त्याकडेला कुणीतरी टाकलेला सोफा उचलून आणला (त्या काळी आमचं सगळं घर असंच, लोकांच्या कंटाळ्यावर उभं होतं), तेव्हा काका त्यांचा पिकअप घेऊन मदतीला आले. तिसऱ्या मजल्यावर न्यायचा होता. पुढचं टोक माझ्याकडे. मी मर्दुमकी दाखवत दोन-दोन पायऱ्या चढलो आणि मागे मेश्राम भिंत आणि सोफा यांच्यामध्ये चपटा झाला. काका खालून शांतपणे म्हणाले, "ज्याला वरपर्यंत यायचंय, त्याच्या दमानं सुरू कर." मेश्रामनं नागपुरी भाषेत याच अर्थाचं, पण छापता न येणारं काहीतरी म्हटलं.

हे वाक्य ते सोफ्याला लावत, रांगेला लावत, शिकवणाऱ्या प्रोफेसरांना लावत. मला ते म्हाताऱ्या माणसाचं सुभाषित वाटायचं.

बुधवारी संध्याकाळी ते आम्हाला त्यांच्या चर्चमध्ये तालमीला घेऊन जायला लागले. तळघरात जेवणाचा हॉल, घडीच्या खुर्च्या, कोपऱ्यात एक जुना ऐसपैस फ्रिज. तिथे केलर्स क्रीक क्वार्टेटची तालीम चाले. क्वार्टेट म्हणजे चौघांचा ताफा, पण माणसं पाच होती. मी ही चूक लगेच त्यांच्या निदर्शनास आणून दिली. काका म्हणाले, आम्ही आवाज मोजतो, माणसं नाही. पहिल्या दिवशी मी दारात बूट काढले आणि पायमोज्यांनी आत गेलो. एका बाईंनी चिंतेनं विचारलं, पाय दुखतायत का? मग गाणं सुरू झालं, सगळे टाळ्या वाजवायला लागले आणि मीही उत्साहानं सामील झालो. दोन मिनिटांत माझ्या आजूबाजूची मंडळी वळून बघायला लागली. आपण भजनात टाळी समेवर मारतो. ते लोक सम सोडून देतात आणि तिच्या पुढच्या मोकळ्या जागेत टाळी घालतात. त्या अख्ख्या हॉलमध्ये त्यांनी सोडलेल्या समेवर मी एकटाच वाजत होतो. काका कानात म्हणाले, "आधी पाय पडू दे. हात त्याच्या मागून येतो." मेश्रामला मात्र ते पहिल्या फटक्यात जमलं.

मेश्रामचे वडील नागपूरला भीमगीतांच्या गायन पार्टीत पेटी वाजवत. त्यामुळे तो तिथे पाहुणा वाटतच नव्हता. एकानं ओळ टाकायची, बाकीच्यांनी ती झेलायची, समोरच्यांनी "हो, हो" म्हणत गाणाऱ्याला वर ढकलायचं, हे सगळं त्याच्या घरचं होतं. मी खुर्चीत बसून नोट्स काढायचो.

काकांचं काम या ताफ्यात सर्वांत छोटं. ते खर्जात गायचे, पण त्याआधी सूर द्यायचे. या लोकांचं जुनं गाणं वाद्याशिवायचं. ना पेटी, ना गिटार, नुसते गळे. मग पट्टी कुणी धरायची? त्यासाठी प्रत्येक ताफ्यात एक माणूस असे. काका फ्रिजशेजारी उभे राहायचे. त्यांना थंड पाणी लागतं असा माझा समज होता. ते मान खाली घालून थोडं ऐकायचे, मग ओठ मिटून एक लांब सूर सोडायचे. तो आला की इतर चौघांचे खांदे एकदम खाली यायचे, दिवसभराचं ओझं कुणी उतरवून घ्यावं तसे.

या गाण्याचा इतिहास मला पुस्तकातून कळला नाही, पिकअपमधून कळला. तालमीनंतर काका आम्हाला घरी सोडताना मुद्दाम खाडीच्या कडेचा लांबचा रस्ता घ्यायचे आणि बोलायचे. गोदीत जेवणाच्या सुट्टीत जहाजाच्या रिकाम्या पोटात उभं राहून ते कसे गायचे, कारण तिथे आवाज तिप्पट होऊन परत यायचा. रविवारी सकाळी रेडिओवर पंधरा मिनिटं कशी मिळायची. पाच जणांचे एकाच कापडाचे सूट, एका गाडीत पाच माणसं आणि मांडीवर बुटांच्या खोक्यात तळलेली कोंबडी, कारण वाटेतल्या हॉटेलांत काळ्या माणसाला आत घेत नसत. रात्री कुणातरी भाविकाच्या घरी मुलांना जमिनीवर निजवून यांना पलंग दिला जाई. पिसांच्या टोप्या घातलेल्या बायका गाणं ऐकता ऐकता ताठ होऊन मागे कोसळत, आणि पांढऱ्या कपड्यातल्या बायका त्यांना झेलायला तयारच असत. मग एकेका ताफ्यात गिटार आली, ऑर्गन आला, ड्रम आले, शंभर जणांचे कॉयर आले. चांगले चांगले मुख्य गायक हेच गळे घेऊन नाचगाण्याच्या धंद्यात गेले. बाहेर अंधारात पाणी चमकत असायचं, काकांचा आवाज इंजिनाच्या आवाजात मिसळायचा, आणि मला खरोखर झोप आणि जाग यांच्या मधल्या गावातून गाडी चालल्यासारखं वाटायचं.

त्यांच्या चर्चमध्येही ऑर्गन आला होता. पण क्वार्टेटमध्ये वाद्य येऊ द्यायला काका तयार नव्हते. पाद्रींचा भाचा उत्तम गिटार वाजवी, त्यानं फार आर्जवं केली. बाकीचे चौघे तयार होते. काका नाही म्हणाले ते म्हणालेच. तार आली की माणूस आळशी होतो, एवढंच कारण द्यायचे. सगळे म्हणत, म्हातारा हट्टी आहे. मीही म्हणायचो.

ताफ्याचे मुख्य गायक होते मिस्टर क्लॅरेन्स. उंच, पांढरी मिशी, खोलीत आले की हॅट काढून ती जणू दुसऱ्या कुणाची असल्यासारखी जपून ठेवायचे. तरुणपणी एका रेकॉर्डवाल्यानं त्यांना शहरात नेऊन मोठं करायचं म्हटलं होतं, ते गेले नाहीत. ताफ्याची एकच तबकडी निघाली, त्यातलं नदी ओलांडण्याबद्दलचं एक गाणं ते चाळीस वर्षं गात होते. ते त्या गाण्यात शेवटी इतक्या उंच जायचे की हॉलमधले चमचे थांबायचे. आणि दरवर्षी ताफ्याच्या वर्धापनदिनी, ते गाणं म्हणायच्या आधी, ते उभे राहून साक्ष द्यायचे. ही त्या चर्चची रीत. देवानं आपल्यासाठी काय केलं ते चारचौघांत उभं राहून सांगायचं. मिस्टर क्लॅरेन्सची साक्ष ठरलेली होती: देवानं माझं बरंच काही नेलं, बायको नेली, गुडघे नेले, पण आवाज जसाच्या तसा ठेवला. आजही मी त्याच पट्टीत गातो.

आता माझ्या पराक्रमाकडे येतो.

दुसऱ्या वर्षी सिग्नल प्रोसेसिंगच्या कोर्सला प्रोजेक्ट करायचं होतं. मी सूर मोजणारं यंत्र केलं. विजेच्या घूंपासून बचाव व्हावा म्हणून ते धातूच्या पेटीत बसवणं भाग होतं, आणि आमच्या घरात धातूची एकच पेटी होती, मेश्रामचा स्टीलचा जेवणाचा डबा. झाकणाला भोकं पाडून त्यात लाल आकडे बसवले. समोर कुणी गायलं की डब्यावर आकडा उमटायचा. ज्याला सूर कळत नाही त्यानं सूर सांगणारा डबा करावा, यातली गंमत तेव्हा फक्त मेश्रामच्या लक्षात आली, कारण तो त्या सेमिस्टरला पोळ्या कागदात गुंडाळून नेत होता.

काकांना डबा दाखवला तेव्हा त्यांनी तो हातात घेऊन उलटसुलट केला आणि एकच प्रश्न विचारला. "हा मोठ्यानं सांगतो का?"

मी म्हटलं, नाही, नुसता दाखवतो.

"मग ठीक आहे," ते म्हणाले. "असाच ठेव."

इथे मला कळायला हवं होतं. मला फक्त शाबासकी ऐकू आली.

वर्धापनदिन जवळ आला होता. ताफ्याला काहीतरी भेट द्यावी म्हणून मी मिस्टर क्लॅरेन्सकडे जुनी रेकॉर्डिंग मागितली. त्यांनी आनंदानं बुटाचं एक खोकं दिलं: ती तबकडी, आणि दर दोन-चार वर्षांच्या कार्यक्रमांच्या टेप्स. म्हणाले, ओळखून दाखव कुठली नवी आणि कुठली जुनी. मी नदीचं गाणं प्रत्येक टेपवरून डब्याला ऐकवलं. जुन्या टेपचा वेग कमीजास्त असतो, हे मी इंजिनियर असल्यामुळे मला माहीत होतं. मग मी काकांचीच विद्या वापरली. प्रत्येक टेपवर मागे कुठेतरी विजेची घूं होतीच. ती साठवर आणून बसवली की टेपचा वेग आपोआप बरोबर. या युक्तीवर मी इतका खूश झालो की दोन दिवस स्वतःशीच हसत होतो.

आकडे आले ते असे. तबकडीवर गाणं काळी चारमध्ये. काही वर्षांनी पांढरी पाच. मग काळी तीन. मग पांढरी चार. आणि आता, पांढरी तीन. चाळीस वर्षांत चार पायऱ्या, इतक्या हळूहळू की एका वर्षाचा फरक कुठल्याही कानाला कळू नये. मी त्याचा आलेख काढला. उतरती लाल रेघ. खाली वर्षं, बाजूला पट्ट्या. प्लॅस्टिकमध्ये लॅमिनेट केला. निष्कर्ष मला स्वच्छ दिसत होता: काकांचा कान वयानं ढिला झालाय. प्रेमानं थट्टा करायला याहून चांगला विषय कुठला? ज्या माणसाच्या कानात अख्ख्या अमेरिकेची वीज पक्की बसलीय, जो दर बुधवारी फ्रिजला कान लावून मग सूर देतो, त्याचा सूर चुकेल कसा, एवढा साधा प्रश्न मला पडला नाही. मी डबा बनवला होता ना.

रविवारी दुपारी जेवणं चालू असताना मी उभा राहिलो, ग्लासवर चमचा वाजवला आणि भाषण केलं. आलेख वर धरून प्रत्येक पायरी वाचून दाखवली. शेवटी म्हटलं, काकांना आता निवृत्त करून माझ्या डब्याला नेमावं. एक-दोघं हसले. मग कुणीच हसेना. मला वाटलं, आलेख नीट दिसत नसेल. म्हणून मी तो जवळ नेला, आणि नेला तो थेट मिस्टर क्लॅरेन्सच्या हातात.

त्यांनी चष्मा लावला. बोटानं ती लाल रेघ वरपासून खालपर्यंत उतरले. मग काकांकडे बघितलं. काका ताटाकडे बघत होते.

"एझ्रा," मिस्टर क्लॅरेन्स म्हणाले, "हे खरं आहे?"

काका म्हणाले, "तू कधी विचारलं नाहीस."

मिस्टर क्लॅरेन्सनी आलेख टेबलावर पालथा ठेवला, हॅट घेतली आणि ते जिना चढून गेले. नंतर वरच्या सभागृहातल्या कार्यक्रमात बाकीचे चौघे गायले. नदीचं गाणं एका तरुण माणसानं म्हटलं, त्याला कुठलीही पट्टी चालली असती. काकांनी त्यालाही सूर दिला तो पांढरी तीनचाच. ज्याच्यासाठी तो खाली आणला होता तो माणूस खोलीत नव्हता.

परत येताना बसमध्ये मेश्राम माझ्याकडे वळून बसला. मग म्हणाला, "अबे, तू येडा आहेस का बे? माझा बाप काय करत होता पार्टीत? गाणारा थकला, त्याचं वय झालं, का पेटीवाला पट्टी उतरवते. सांगते का कोणाला? गाणाऱ्याला बी नाही सांगत. आन् तू त्याचा ग्राफ काढला."

काकांनी गिटार का येऊ दिली नाही, हे मला त्या बसमध्ये कळलं. तारेनं पट्टी सांगून टाकली असती.

सोमवारी खिडकीपाशी गेलो. माफी कशी मागायची याची इंग्रजीत चार वाक्यं पाठ केली होती. काकांनी रजिस्टर पुढे केलं, मी सोल्डरची तार घेतल्याची सही केली. वाक्यं म्हणून झाली. त्यांनी ऐकून घेतली. "चूक माझीही आहे," ते म्हणाले. "मला वाटलं, तुझा डबा मुका आहे." त्यानंतर त्यांनी हा विषय माझ्याशी काढला नाही. मला मात्र त्यांच्या शांतपणाचा इतका त्रास झाला की मी बेसनाचे लाडू वळले आणि ते घेऊन एका शनिवारी मिस्टर क्लॅरेन्सच्या घरी गेलो. लाडू माझ्या हातचे, म्हणजे ते फोडायला गोदीतलं हत्यार लागलं असतं. ते परसात पालेभाजीच्या वाफ्याला पाणी घालत होते. एक लाडू त्यांनी निमूटपणे तोंडात ठेवला, त्यामुळे पुढची काही मिनिटं मीच बोललो.

शेवटी त्यांनी नळ बंद केला. "पोरा, मी दरवर्षी देवाच्या घरात उभा राहून सांगितलं की त्यानं माझा आवाज राखला," ते म्हणाले. "लोक त्यावर रडले. आणि देव नव्हताच तो. एझ्रा होता."

मी काकांना हे जसंच्या तसं सांगितलं. त्यांनी रजिस्टर मिटलं. मग म्हणाले, "हे त्यानं मला येऊन सांगायला हवं."

पण ते आले नाहीत. बुधवारची तालीम चालू राहिली. पाच खुर्च्या मांडल्या जायच्या, चार भरायच्या. काका फ्रिजशेजारी उभे राहून सूर द्यायचे आणि देताना तोंड त्या पाचव्या खुर्चीकडे करायचे. मी एमएस संपवून राज्याच्या उत्तर टोकाला, हर्नडनला, नोकरीला लागलो. जिकडे बघावं तिकडे काचेच्या इमारती, आणि लंचला सगळे ग्रीन कार्डाबद्दल बोलायचे. मेश्राम सांता क्लाराला गेला, पण जाताना डबा माझ्याकडे सोडून गेला. म्हणाला, याच्यात आता जेवण गोड लागणार नाही. दर ख्रिसमसला मी काकांना फोन करायचो. आम्ही हवेबद्दल बोलायचो, आणि फोन ठेवताना मी विचारायच्या आधीच ते म्हणायचे, "खुर्ची आहे." म्हणजे मांडतोय, रिकामी आहे, काढलेली नाही.

असे चार ख्रिसमस गेले. २००७ च्या वसंतात एक दिवस ऑफिसात फोन वाजला. आवाज ओळखला तेव्हा मी उभाच राहिलो.

मिस्टर क्लॅरेन्सनी विचारलं, "तो डबा अजून आहे का?"

आहे म्हटलं.

"रविवारी घेऊन ये."

डब्यात मी तेव्हा मॅगीच्या मसाल्याच्या पुड्या ठेवत होतो. दोन संध्याकाळी खर्चून त्याला परत कामाला लावला आणि शनिवारी सकाळी दक्षिणेची वाट धरली. चर्च तेच. पण कार्यक्रम आता वरच्या मोठ्या सभागृहात नव्हता, तळघरातच होता. मिस्टर क्लॅरेन्सच्या गुडघ्यांसाठी मागच्या दाराशी उतार बांधून घेतला होता. कुणाच्या सांगण्यावरून ते मी विचारलं नाही. काका फ्रिजशेजारी उभे होते. खूप वाळले होते, कॉलरमध्ये मानेभोवती दोन बोटं जातील एवढी जागा झाली होती. बूट मात्र तसेच. मला बघून त्यांनी भुवया उंचावल्या, डब्याकडे बघितलं आणि पुन्हा मान खाली घातली.

मिस्टर क्लॅरेन्स काठी टेकत पुढे आले. साक्ष दिली नाही. पहिल्या रांगेत मला बसवलं, डबा माझ्या मांडीवर ठेवायला लावला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "ब्रदर टॉलिव्हर, मला माझी जुनी पट्टी दे. तबकडीवरची. इंजिनियर बघेल."

काकांनी नेहमीसारखा कान फ्रिजकडे नेला, आणि त्याच क्षणी फ्रिज खटकन बंद पडला. बिघडला नाही, फ्रिज मधून मधून थांबतात तसा थांबला. त्या हॉलमध्ये त्याचं बंद पडणं फक्त काकांना आणि मला ऐकू आलं असावं. काका थोडे हसले. मग त्यांनी मिस्टर क्लॅरेन्सकडे बघितलं, पायांकडे, काठीकडे, छातीकडे, शिंपी माप घ्यायच्या आधी नजरेनंच घेतो तसं. आणि सूर दिला.

डब्यावर लाल उजेड पेटला. माझ्या हातात चर्चमध्ये वाटतात तो पुठ्ठ्याचा पंखा होता. मी तो आकड्यांवर ठेवला आणि वर दोन्ही हात दाबून धरले. आयुष्यात मला सूर कळला नाही याचा आनंद मला त्या एकाच दिवशी झाला.

मिस्टर क्लॅरेन्स गायले. आवाज जुन्या लाकडासारखा झाला होता, कडेकडेनं उलत होता. पण मधोमध जे होतं ते तसंच होतं. नदीपाशी आले तेव्हा लोक उभे राहिले. शेवटच्या चढावर ते थांबतील असं मला वाटलं. तिथे काकांचा खर्ज त्यांच्याखाली आला, मग उरलेल्या तिघांचे आवाज, आणि सगळा हॉल त्या मोकळ्या जागेत टाळ्या घालायला लागला. मला टाळ्या वाजवता येईनात, हात गुंतले होते. पाय मात्र पडत होता. बरोबर पडत होता, असं मला वाटतं. गाणं पैलतीराला लागलं, त्यानंतरही बराच वेळ कुणी खाली बसलं नाही.

मिस्टर क्लॅरेन्सनी घाम पुसला आणि माझ्याकडे वळले. "किती आला?"

पाऊणशे माणसं माझ्याकडे बघत होती. देवाचं घर होतं.

मी म्हटलं, "बॅटरी संपली."

आधी मागून कुणीतरी हसलं, मग सगळेच हसले. मिस्टर क्लॅरेन्स हसले नाहीत. त्यांनी माझ्याकडे बघितलं, पंख्याकडे बघितलं, आणि मग जाऊन पाचव्या खुर्चीत बसले. बसल्या बसल्याच म्हणाले, "यंदा आभार दोघांचे आहेत. कुणाचे किती, ते कुणी मोजू नका."

काका जेमतेम वर्षभर जगले त्यानंतर. मला कळलं तोवर सगळं आटोपलंही होतं. म्हणून माझ्याकडे त्यांचं शेवटचं दर्शन आहे ते त्याच संध्याकाळचं. ते मला गाडीपर्यंत सोडायला आले. खाडीवरून धुकं यायला लागलं होतं, पार्किंगमधला दिवा नुकताच लागला होता आणि घूं घूं करत होता. मी डबा पंख्यासकट शेजारच्या सीटवर ठेवला. काकांनी खिडकीतून हात आत घातला आणि पंखा उचलला. खाली लाल आकडे ठणठणीत पेटलेले होते, दिव्याचा सूर मोजत. त्यांनी तिकडे न बघता बोटानं चाचपत बटण शोधलं आणि बंद केलं.

"बंद करायला विसरलास," ते म्हणाले.

मग मान तिरकी करून दिव्याचं ऐकलं, आणि त्याच्या तीन पायऱ्या खाली, माझ्या देशातल्या विजेचा सूर मला काढून दिला. म्हणाले, "हा तुझा. जपून जा."

मी गाडी काढली. आरशात ते दिव्याखाली उभे होते, हातात तो पुठ्ठ्याचा पंखा, चमकणारे बूट धुक्यात हळूहळू नाहीसे होताना. ओठ मिटलेले होते, पण छाती हलत होती. सूर अजून चालू होता, मी वळणापर्यंत पोहोचेतो तो मला पुरला पाहिजे म्हणून.